इराणी नटाची उलटी कारकीर्द

लकव्याने मामाजींची, म्हणजे माझ्या सासऱ्यांची, उजवी बाजू गेली. देऊळघाटची वांगी-मेथी स्वतः बुलढाण्याच्या बाजारात नेणारा माणूस भिंतीकडे तोंड करून पडून राहिला. डॉक्टरांनी बजावलं होतं, रोज चालवा, नाहीतर पाय कायमचा जाईल. मी गोड बोलले, चिडले, एकदा रडलेही. मामाजी ढिम्म हलले नाहीत.

त्यांना कुस्तीचा भारी नाद. म्हणून मी फोनवर कुस्ती शोधत होते, तर एक इराणी सिनेमा निघाला. कधीकाळी पहिलवान असलेला नट, आता म्हातारा, दारात काठी टेकून बसलेला. ‘दोस्त’, ‘दुनिया’ एवढेच शब्द कळले. पण मामाजींनी मान वळवली.

त्या नटाच्या सिनेमांची यादीच होती. मी आपली वरून खाली लावत गेले. दुसऱ्यात तो बिनकाठीचा चालला. तिसऱ्यात मुलीच्या लग्नात नाचला. चौथ्यात त्यानं चौघांना लोळवलं.

“हा त सुधरून राह्यला वं,” मामाजी म्हणाले. “काठी सुटली याची.”

मग मी यादी नीट पाहिली आणि जीभ चावली. नवे सिनेमे वर, जुने खाली. बिचाऱ्याची सगळी कारकीर्द मी शेवटाकडून लावली होती! पण त्याच सकाळी मामाजी खाटेची कड धरून उभे राहिले होते. मला खोटेपणाचा राग येतो, तरी मी गप्प बसले.

पुढे रोज एक सिनेमा, आणि त्याआधी अंगणात चालणं. अट माझी. आधी लिंबापर्यंत, मग फाटकापर्यंत.

काल यादी संपली. शेवटच्या सिनेमात तो कोवळा, गर्दीत मागे उभा, तोंडी एकही वाक्य नाही. आता उद्या मामाजी कशासाठी उठतील? शेवटी बोलूनच टाकलं.

“मामाजी, माह्यं चुकलं. मी सारे शिनेमे उलटे लावले.”

“मालूम आहे मले. माणूस कधी जवान होत जाते काय?”

“मंग बोलले काऊन नाही?”

“तू लावणं बंद केलं असतं. मले चालाचं होतं.”

मला हसू आलं आणि डोळेही भरले.

“आता खालून वर लाव,” ते म्हणाले. “त्याचं म्हातारपण पाह्याची डर नाही मले आता.”

आणि मी फोन हातात घेण्याआधीच ते काठी घेऊन फाटकाकडे निघाले.