फुगलेली बेडकी आणि बोलका बैल

नॉटिंगहॅमला आल्यावर दुसऱ्या वर्षी मी लॅटिन शिकायला लागले, ते निव्वळ गैरसमजातून. लायब्ररीच्या बोर्डवर ‘लॅटिन फॉर बिगिनर्स, शनिवारी सकाळी अकरा’ असं लिहिलं होतं. मला वाटलं, डान्स. हॉस्पिटलच्या आयटीमध्ये दिवसभर खुर्चीत बसून माझी पाठ आखडली होती, म्हणून लेगिंग्ज आणि नवेकोरे टाचांचे बूट घालून मी पोचले. आत सहा म्हातारी माणसं वह्या उघडून बसली होती आणि एक उंच, वाकलेले सर फळ्यावर बेडूक काढत होते. परत फिरायची लाज वाटली. तेवढ्यात कुणीतरी हातात चहा दिला. बसले.

सर शाळेतून रिटायर झालेले. व्याकरणाला भिऊन माणसं पळतात, म्हणून ते प्राण्यांच्या जुन्या गोष्टींवरून लॅटिन शिकवायचे. गोष्टी मूळच्या ग्रीक. त्या सांगणारा एक गुलाम होता म्हणे, कुबडा आणि दिसायला ओबडधोबड. पण यातलं खात्रीने काहीच सांगता येत नाही, तो होता की नव्हता हेसुद्धा, असं सर म्हणायचे. त्या गोष्टी लॅटिन पद्यात आणणारा मात्र खरोखर होऊन गेला. तोही आधी गुलाम, मग मुक्त झालेला. त्याच्या लांडग्यांत आणि सिंहांत रोममधल्या बड्या लोकांना स्वतःची तोंडं दिसली आणि बिचारा गोत्यात आला.

त्या वसंतात माझे बाबा नागपूरहून माझ्याकडे आले. आई माझ्या बहिणीच्या बाळंतपणाला बेंगळुरूला होती, म्हणून एकटेच. छत्तीस वर्षं हायस्कूलमध्ये संस्कृत शिकवलेला माणूस घरात बसून काय करणार? माझे मसाल्याचे डबे ते अकारविल्हे लावायला लागले तेव्हा मी त्यांना क्लासला घेऊन गेले.

“तुम्ही नुसतं ऐका हं, बाबा,” मी दारातच बजावलं.

“अगं, मी कशाला बोलतोय?”

चौथ्या मिनिटाला त्यांचा हात वर. “एक्स्क्यूज मी, सर. या गोष्टी आमच्याकडून तुमच्याकडे आल्या.”

सरांचे डोळे एकदम चमकले. रिटायर झाल्यापासून त्यांच्याशी कुणी भांडलंच नसावं. “किंवा आमच्याकडून तुमच्याकडे,” ते म्हणाले.

“अशक्य. आमचा कोल्हा राजाला सल्ला देतो. तुमचा द्राक्षांखाली उड्या मारतो. मूळ कोल्हा कुठला, ते दिसतंच आहे.”

भांडण पाऊण तास चाललं. शेवटी सरांनी कबूल केलं, की दोघांच्याही आधी इराकच्या बाजूला मातीच्या विटांवर असलंच काहीतरी लिहिलेलं सापडलंय. यावर दोन्ही म्हातारे एकदमच हिरमुसले आणि एकाच पुड्यातली बिस्किटं खात बसले. पुढच्या शनिवारी बाबा माझ्याआधी तयार होते, टाय लावून.

मग लायब्ररीचा ओपन डे आला आणि सरांनी जाहीर केलं, की आपण लॅटिनमध्ये एक गोष्ट करून दाखवायची. बेडकी आणि बैल. बेडकी बैलाला बघते, तेवढी मोठी व्हायला अंग फुगवते, पोरांना विचारते, “झाले का मी मोठी?” पोरं म्हणतात, “नाही.” पुन्हा फुगते, पुन्हा नाही. शेवटी फुटते. वयाने सगळ्यांत लहान म्हणून बेडकी मी. माझी पोरं म्हणजे सत्तरीच्या दोन रिटायर्ड नर्सेस. बैल बाबा.

“बैलाला वाक्यं किती?” बाबांनी विचारलं.

“एकही नाही,” सर म्हणाले. “तो चरत असतो.”

बाबांनी मान हलवली. ती हलवण्याची पद्धत मला घरची माहीत होती. मी तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

मी ऑनलाइन हिरवा बेडकाचा ड्रेस मागवला. त्याला कमरेशी बॅटरीवरचा छोटा पंखा होता. बटण दाबलं की अंग फुगतं, पुन्हा दाबलं की बसतं. ओपन डेला पन्नासेक माणसं आली. मी फुगले, पोरांनी लॅटिनमध्ये नकार दिला, लोक हसले. सगळं छान चाललं होतं. एवढ्यात पुठ्ठ्याची शिंगं लावलेले बाबा दोन पावलं पुढे आले आणि खड्या आवाजात संस्कृतात बोलायला लागले.

मला कळलं ते असं, की ताई, मी बैल आहे म्हणून सुखी आहे असं तुला कुणी सांगितलं, सकाळपासून नांगर ओढतोय. श्लोक त्यांनी स्वतःच रचले होते. चांगले चार. बैलाचं बोलणं संपेपर्यंत मला फुटता येईना आणि पंखा तर चालूच. मी बटण दाबलं. काही झालं नाही. पुन्हा दाबलं, बटणच आत गेलं. माझ्या गालांना हिरवं प्लास्टिक टेकलं. सत्तरीची पोरं लॅटिन सोडून इंग्रजीत ओरडायला लागली, “ओ लव्ह, आर यू ऑल राइट?” कोपऱ्यातून सरांनी ठरल्याप्रमाणे फुगा फोडला. त्या आवाजाने दचकून मी जी आडवी झाले, ती गडगडत सरळ कुकरी बुक्सच्या रॅकपर्यंत. टाळ्या थांबेनात.

ड्रेसची चेन अडकली होती. कात्री लावायला मन होईना, कारण सोमवारी तो परत पाठवायचा होता. म्हणून आम्ही तसेच ट्रामने घरी निघालो. मी दोन सीट अडवून, बाबा शिंगांसकट शेजारी.

तिकीट तपासायला इन्स्पेक्टर बाई आल्या. मी म्हटलं, “तिकीट फोनमध्ये आहे. फोन लेगिंग्जच्या खिशात आहे. लेगिंग्ज बेडकाच्या आत आहेत.”

बाबांनी शांतपणे स्वतःचं तिकीट पुढे केलं आणि इंग्रजीत म्हणाले, “मॅडम, ही बेडकी आहे. मी बैल. माझ्याकडे तिकीट आहे.”

बाईंनी आम्हा दोघांना नीट न्याहाळलं. “बैलाचं चालेल,” त्या म्हणाल्या, आणि तोंड दाबत पुढच्या डब्याकडे गेल्या.

मी मात्र संतापले होते. “बाबा, तुम्हाला गप्प उभं राहायला काय झालं होतं?”

त्यांनी डोक्यावरची शिंगं काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाले, “अगं, तीन महिने झाले मला इथे. दुकानात तू बोलतेस, बँकेत तू बोलतेस, डॉक्टरकडे तू. मी चरत असतो.”

त्यांच्या खांद्यापर्यंत हात पोचत नव्हता, म्हणून मी माझा फुगीर हिरवा पंजा त्यांच्या गुडघ्यावर टेकवला. तो घसरला. पुन्हा टेकवला. बाबा हसायला लागले, आणि मग दोघांनाही हसू आवरेना.

आता ते नागपूरला परत गेलेत. दर शनिवारी क्लासनंतर सर माझ्या फोनवरून त्यांना व्हिडिओ कॉल करतात आणि मी फोन धरून उभी राहते. सध्या वाद आकाशातून पडलेल्या कासवावर आहे. बाबांचं कासव तोंड उघडल्यामुळे पडलं, सरांचं गरुडाने सोडल्यामुळे. पाच आठवडे झाले, कुणीच माघार घेत नाही. माझा हात दुखतो.