याडीच्या नावाची नोटीस

हे मी आजवर कोणाजवळ बोललेले नाही. नवऱ्याजवळ नाही, ठाण्यातल्या एकाही बाईजवळ नाही. तुम्ही मला ओळखत नाही — म्हणूनच सोपं जात असेल का?

मी पोलिसात आहे. यवतमाळ जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या ठाण्यात होते. कोर्टाच्या नोटिसा घरोघर पोचवायचं काम माझ्याकडे. नवीन होते तेव्हा एका बंजारा तांड्यावर बंदोबस्ताला गेले आणि तिथेच तापाने पडले. तिथल्या सोनीबाईने तीन दिवस घरात ठेवून घेतलं. मला माझी आई आठवत नाही. सोनीबाईची लेक ममता तिला ‘याडी’ म्हणायची — आई. मग मीही म्हणू लागले. सुट्टी मिळाली की तिथेच. ज्वारीची भाकर, अंबाडीची भाजी, आणि जेवताना पाठीवर फिरणारा तिचा खरखरीत हात. असं कोणी मला कधी जेवू घातलं होतं?

ममताचं लग्न झालं. वर्षाच्या आत ती सासरच्या विहिरीत सापडली. पाय घसरला, असं आमच्या ठाण्याने लिहिलं. याडी कोर्टात गेली. कोर्टाने तपासाचा आदेश दिला. तपास झाला — कसला तपास? सासरच्यांचेच जबाब घेतले आणि ‘काही आढळलं नाही, प्रकरण बंद करावं’ असा अहवाल पाठवला. न्यायाधीशांनी तो लगेच मान्य केला नाही. आधी आईचं म्हणणं ऐकू, तिला नोटीस द्या, म्हणाले.

ती नोटीस माझ्या हातात आली.

तपास करणारे साहेब एवढंच म्हणाले, “घर बंद दिसलं तर तसं लिहून दे.” मला यवतमाळला बदली हवी होती. शिफारस त्यांची लागणार होती. मला कळलं.

तरी मी तांड्यावर गेले. का गेले? याडी अंगणात तूर पाखडत होती. उठून पाणी दिलं.

“कोर्टातून काई आलं का वं बेटी?”

नोटीस माझ्या पिशवीत होती.

“नाही याडी. काहीच नाही.”

“कागद येईन मंग. मायं आयकल्याबिगर जजसायेब फाईल बंद नाई करत.”

ठाण्यात येऊन मी लिहिलं — घर बंद, कुटुंब कामाला परजिल्ह्यात, शेजाऱ्यांनाही ठावठिकाणा माहीत नाही. कोर्टाने पुन्हा नोटीस काढली. पुन्हा मीच तेच लिहिलं. आईचं काही म्हणणं आलं नाही, म्हणून अहवाल मान्य झाला.

काही महिन्यांनी याडी कोर्टात चौकशीला गेली. तिथल्या बाबूने माझा कागद वाचून दाखवला. मग तिने मला बसस्टँडवर गाठलं.

“तू तं आल्ती ना वं त्या रोजी? पानी पेली माया घरी.”

रागावली नव्हती. खरंच विचारत होती. मी समोर लागलेल्या बसमध्ये चढले. ती माझी बसही नव्हती.

बदली झाली. मी यवतमाळला असते. याडी तिथेच आहे. मी कोर्टासमोर खरं सांगितलं, तर ती फाईल पुन्हा उघडू शकते — हे माझ्याइतकं कोणाला ठाऊक असणार? तिच्याकडे जावंसं वाटतं. रोज वाटतं. मी गेलेली नाही. आणि खरंही सांगितलेलं नाही.