परवानगी नको

लग्न होऊन आले त्याच्या दुसऱ्याच दिवशी मी सासऱ्यांची केस बुडवायला निघाले होते, असं आमच्या घरात अजून सांगितलं जातं. मी काय केलं होतं? तर शेजारच्या काकूंना “जाऊ का इथून?” असं विचारलं होतं. आईवडिलांनी लावलेलं वळण, दुसरं काय!

सासरे सुतार. आमचं घर रस्त्याला लागून, त्यांचा कारखाना शेजाऱ्यांच्या घरामागे आणि तिथं जायला वाट एकच, शेजाऱ्यांच्या भिंतीलगतचा बोळ. जमीन त्यांची, पाय आमचे. शेजारी म्हणजे घड्याळजी. दिवसभर बोळाकडच्या खिडकीत डोळ्याला भिंग लावून बसायचे आणि लोकांची बंद पडलेली घड्याळं चालू करायचे. कोणालाही वाटेल, या गृहस्थांनी वाट अडवली असणार. छे! एक दिवसही अडवली नाही. हेच तर सासऱ्यांचं दुखणं होतं.

झालं असं, की एकदा लाकडाच्या भुशावरून दोघांची बोलाचाली झाली. घड्याळजी म्हणाले, “माझ्या मेहेरबानीवर जाताय, जरा बेतानं.” सासरे म्हणाले, “मेहेरबानी कसली? हक्क आहे माझा!” एवढं पुरलं. दोघांनी वकील गाठले.

आमच्या वकिलांनी सांगितलं, की वाट वर्षानुवर्षं उघडपणे, खंड न पडता आणि कोणाची परवानगी न घेता वापरली, तर ती हक्काची होते. परवानगी घेतली, की मात्र ती मेहेरबानीच. आणि मेहेरबानी केव्हाही काढून घेता येते. घड्याळजींचा मुलगा परगावी. उद्या त्यानं घर विकलं आणि नव्या मालकानं बोळाला फाटक ठोकलं, की कारखान्याला टाळं. तेव्हा सासऱ्यांची भीती काही खोटी नव्हती. पण खऱ्या भीतीपायी माणूस किती हास्यास्पद होऊ शकतो, ते मी त्यांच्याकडे बघून शिकले.

‘उघडपणे’ जायचं म्हणून ते बोळात शिरताना असे खोकायचे, की नवीन माणसानं डॉक्टरला बोलवावं. ‘खंड न पडता’ म्हणून ताप असो, सुट्टी असो, एक फेरी व्हायलाच हवी. आमच्या लग्नात फोटोच्या वेळी हे गायब! माझ्या वडिलांना वाटलं, आपल्याकडून काही मानपान चुकलं, व्याही रागावून निघून गेले. ते बिचारे माफी मागायची तयारी करत होते आणि हे बोळातून चक्कर मारून घाम पुसत परत आले. फोटोत सासूबाईंच्या शेजारी अजून एक रिकामी खुर्ची आहे.

घड्याळजींचे वकीलही काही कच्चे नव्हते. त्यांनी सल्ला दिला, की रोज, तोंडानं, मोठ्यानं परवानगी द्या. मग काय विचारता! सासरे खोकत बोळात शिरले, की खिडकी उघडायची.

“या सुतारसाहेब, या! माझी परवानगी आहे बरं का!”

“तुमची परवानगी घाला चुलीत!”

परक्याला वाटे, काय हा प्रेमळ म्हातारा आणि काय हा उद्धट सुतार. एकदा घड्याळजींचा घसा बसला, तर त्यांनी खिडकीत गजराचं घड्याळ आणून ठेवलं. सासरे आले, की गजर. वाजवलेला गजर ही परवानगी धरायची का, यावर कोर्टात एक अख्खी तारीख खर्ची पडली.

आणि अशा रणांगणात मी, नवी नवरी, हातात सासऱ्यांचा चहा घेऊन, काकूंना विचारते, “जाऊ का इथून?” काकूंनी तोंड उघडायच्या आत घड्याळजी खिडकीतून निम्मे बाहेर आले. “जा ना पोरी, खुशाल जा!” असा आनंद मी माझ्या सासरी कोणाच्याच चेहऱ्यावर पाहिला नव्हता. पुढच्या तारखेला ते कोर्टाच्या कागदावर चढलं. सुनेला त्या घरात कसलाही अधिकार नाही, सबब तिच्या विचारण्याला किंमत नाही, असं आमच्याच वकिलांनी छातीठोकपणे सांगून केस वाचवली. घरात कोणालाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

तेव्हापासून ‘जाऊ का’ हे शब्द आमच्या घरातून हद्दपार झाले. माझी मुलगी शाळेत न विचारताच वर्गाबाहेर जाते, अशी तक्रार आली, तेव्हा सासऱ्यांनी तिला खाऊ दिला.

एक गोष्ट मात्र मी पाहिली होती आणि कोणाला सांगितली नव्हती. कधी खिडकी उघडायला उशीर झाला, तर सासरे बोळाच्या तोंडाशी थांबायचे. चपलेत नसलेला खडा काढायचे. खिडकीची कडी वाजली, की मग खोकायचे.

आणि एका सकाळी खिडकी उघडलीच नाही. घड्याळजी झोपेतच गेले. सासरे त्यांच्या अंगणात सगळ्यांच्या मागे उभे राहिले आणि कोणाशी काही न बोलता परत आले. त्या दिवशी त्यांनी रंधा हातात घेतला नाही. वकिलांचा मात्र फोन आला आणि आवाजातला आनंद काही त्यांना लपवता येईना. “आता परवानगी देणारंच कोणी नाही. मुलगा घर विकायला आलाय म्हणे. निकाल लागेपर्यंत नुसते चालत राहा. तोंडातून शब्द काढू नका, अक्षरसुद्धा नाही!”

त्या आठवड्यात एका कपाटाचं दार कारखान्यात न्यायचं होतं. पुढचं टोक सासऱ्यांनी धरलं, मागचं मी. बोळाच्या तोंडाशी ते थांबले, खोकले आणि बंद खिडकीखाली येताच, सवयीनं, खणखणीत आवाजात ओरडले, “तुमची परवानगी घाला चुलीत!”

खिडकी उघडली.

काकू उभ्या होत्या. टेबल आवरत असाव्यात, कारण हातात घड्याळजींचं भिंग होतं. मागे त्यांचा मुलगा. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. सासऱ्यांचा तर चेहरा बघवेना. इतक्या वर्षांत मला त्यांचा कितीदा राग आला होता, कीव पहिल्यांदाच आली. त्यांनी आपल्याकडचं टोक हळूच भिंतीला टेकवलं. हाताचा भुसा सदऱ्याला पुसला. मला वाटलं, माफी मागतील.

“वहिनी,” ते म्हणाले. मग त्या मुलाकडे एकदा पाहिलं आणि तरीही म्हणाले, “जाऊ का?”

माझ्या हातातलं टोक सुटता सुटता राहिलं.

काकू भिंग पदरानं पुसत राहिल्या.

“जा ना भाऊजी,” त्या म्हणाल्या. “ह्यांनी तरी कधी नाही म्हटलं होतं?”