समोरच्या मामांचं सांबार

नव्वदच्या दशकात आम्ही मायलेकी तंजावूरच्या जुन्या गल्लीतून नव्या बसस्टँडापलीकडच्या फ्लॅटमध्ये राहायला आलो. घरोघरी केबल आली होती आणि दारं बंद झाली होती. मी बँकेत जायची, आई दिवसभर एकटी. तिसऱ्याच महिन्यात तिनं बजावलं, "इथें मी मेलें तरी कोण्हाला कळणार नाहीं. पोंगल झाला की मी जातें तिरुवैयारूला, बहिणीकडे." मला रडूच आलं. तिच्याशिवाय मी त्या घरात काय भिंतींशी बोलणार होते?

करमणूक एकच. समोरच्या फ्लॅटमध्ये एक निवृत्त मामा एकटेच राहत. तमिळमध्ये "वणक्कम" एवढा नमस्कार करत, पेपर उचलत, दार लावून घेत; मग त्यांच्या सांबाराचा वास जिन्यात येई. सांबाराचा शोध आमच्याच पूर्वजांनी लावला, असं आम्ही तंजावूरचे मराठी छातीठोकपणे सांगतो. त्यामुळे दुसऱ्याच्या सांबाराला नावं ठेवण्याचा हक्क आपोआप मिळतो. शिवाय आपलं मराठी इथे कुणाला कळत नाही, या भरवशावर आम्ही बसमध्ये, बाजारात आयुष्यभर तोंड सोडलेलं. तेव्हा रोज सकाळी जिन्यात उभ्या राहून, खुशाल मोठ्यानं, आमचं परीक्षण चाले. "आज डाळ शिजली नाहीं." "चिंच बघ किती! वासानंच दात आंबले." त्यांच्या लुंगीसारख्या वेष्टीवरूनही आम्ही पोट धरधरून हसलो आहोत.

पोंगल झाला. आई पिशवी घेऊन दारात उभी, खाली ऑटो. मी रागानं तिच्याशी बोलत नव्हते. ती मात्र सवयीनं नाक वर करून म्हणाली, "आजही चिंच जास्ती."

समोरचं दार उघडलं. हातात डाव घेऊन मामा उभे.

"मग किती घालूं, अक्का? एकदां दाखवून तरी जावा."

अस्सल आमचं मराठी! धरणी पोटात घेईल तर बरं, असं मला झालं. आईनं पदर तोंडाला लावला. "अय्यो! पांच महिने सगळं ऐकत होतां? बोललां कां नाहीं?"

"बोललों असतों तर तुम्ही गप्प बसलां असतां. मी काय शिजवतों हें दुसरं कोण विचारतें इथें? तुम्ही गेल्यावर माझ्या सांबाराला नांवें कोण ठेवणार?"

आईनं पिशवी माझ्या हातात कोंबली आणि तरातरा त्यांच्या स्वयंपाकघरात शिरली. ऑटो परत पाठवायला मी जवळजवळ नाचतच जिना उतरले. खालपर्यंत तिचा आवाज येत होता. डाळही शिजलेली नव्हती म्हणे.