उकरलेली हाक

सेल्काशी वाकड्यात शिरायची ओर्म गावात कोणाची छाती नव्हती, कारण निम्म्या गावाची हाक तिनंच बांधलेली. धबधब्याच्या तोंडाशी गाव. तिथं नाव घेऊन कितीही बोंबला, पाण्याच्या आवाजात शब्द पोचत नाही, सूर तेवढा पोचतो. म्हणून मूल जन्मलं की सेल्कानं त्याच्यासाठी चार सुरांची हाक बांधायची आणि जन्मभर त्याला त्याच सुरांनी बोलवायचं. माणूस गेलं की घरातल्या बाईनं कड्यावर उभं राहून ती हाक एकदा गायची, शेवटचा सूर गिळायचा. झालं, हाक पुरून टाकली. मग ती पुन्हा कोणाच्या तोंडी येता कामा नये. पुरलेली हाक गायली की गेलेलं माणूस वाटेवरून माघारी येतं, हे ओर्ममध्ये शेंबडं पोरही जाणतं.

आणि नेमकं हेच पाप सेल्कानं केलं होतं.

तिची लेक तिर्ना नवव्या वर्षी लोकर धुताना वाहून गेली. सेल्कानं रीतीप्रमाणे, सगळ्यांदेखत तिची हाक पुरली. दोन वर्षांनी शेजारच्या ब्रेनाला मुलगी झाली, लोस्वी. सेल्का हाक बांधायला बसली आणि ओठांवर दुसरं काही येईचना. शेवटी तिनं तिर्नाचीच हाक घेतली, शेपटाला एक मुरका जोडला आणि दिली ठोकून. मुरका आहे म्हणजे हाक वेगळी, अशी तिनं मनाची समजूत घातली. मनाची समजूत घालायला काय, कोणालाही जमतं!

पण ब्रेनाच्या मागे शंभर कामं आणि चार पोरं. दिवसातून वीस वेळा हाक मारायची तर मुरके कोण घेत बसतो? वर्षभरात मुरका झिजून गेला आणि उरली नुसती तिर्नाची हाक. सेल्काच्या ध्यानात आलं नाही म्हणता? पहिल्याच दिवशी आलं. "ब्रेने, मुरका विसरू नकोस गं," एवढंच म्हणायचं होतं. तेवढंही ती म्हणाली नाही. रोज संध्याकाळी उंबऱ्यावर लोकर विंचरत बसायची, आणि शेजारून हाक आली की हात थांबायचे. चार सुरांपुरती लेक जिवंत व्हायची. नंतर रात्रंदिवस मन खायचं. आपण चोरी करतोय, तीही एका लेकुरवाळीच्या घरात, हे तिला पक्कं कळत होतं.

लोस्वी सहा वर्षांची झाली. एका दुपारी सेल्काच्या ओसरीवर येऊन म्हणाली, "मावशी, आई मला बोलावते ना, तेव्हा ती दुसरी मुलगीपण येते."

"कोण दुसरी?"

"ओली मुलगी. तिच्या वेणीत लोकर अडकलीय."

कोण ते सेल्कानं ओळखलं. तिथल्या तिथं उठून ब्रेनाचे पाय धरायला हवे होते. त्याऐवजी बाईनं जवाच्या पावावर मध लावला, पोरीच्या हातात दिला आणि विचारलं, "हसते का गं ती?"

"हसते की. एक दात पडलाय तिचा."

महिनाभर हेच. रोज मध, रोज एक बातमी. सेल्काला स्वतःची शिसारी यायची, तरी दुपार झाली की मधाची बरणी काढून बाई तयार! मग एक दिवस लोस्वी बोटं चाटता चाटता म्हणाली, "तिला पाण्यात एकटीला करमत नाही. उद्या मला न्यायला येणारे."

बरणी तशीच टाकून सेल्का शेजारी धावली आणि सगळं ओकली.

"सहा वर्षं!" ब्रेना किंचाळली. "सहा वर्षं माझ्या तोंडून तू तुझ्या मेलेल्या पोरीला बोलवत होतीस? आणि मी येडी तुला दर सणाला चीज पाठवत होते!"

"मार मला, काय वाटेल ते कर. पण आधी ती हाक पुरू दे. आत्ताच्या आत्ता."

"हाक उकरलीस, तुला यापुढं गावात कोणी हाक मारणार नाही, ठाऊक आहे ना?"

"ठाऊक आहे."

"दारात मरून पडलीस तरी बघणार नाही मी," ब्रेना म्हणाली, आणि रडत रडत पायात जोडे घालून गावाला बोलवायला निघाली.

भर दुपारी सगळं गाव कड्यावर जमलं. सेल्का पुढं झाली. तिनं हाक गायली आणि शेवटचा सूर गिळला.

"ओऽऽ!" आईचा हात झटकून लोस्वी धावत आली आणि सेल्काच्या कमरेला बिलगली. "आले मावशी! बोलावलंस ना?"

"नाही गं राणी. तुला नव्हतं बोलावलं."

"मग तिला?" लोस्वीनं काठाकडे बोट केलं. "तीपण आलीय बघ. उभी आहे तिथं."

नुसती मान वळवायची होती. सेल्कानं डोळे गच्च मिटून घेतले.

"तिलाही नाही," ती म्हणाली. "सांग तिला, हाक चुकून गेली. जा म्हणावं."

लोस्वीनं मोठ्यानं तसं सांगितलं. थोडा वेळ ऐकत राहिली. मग म्हणाली, "मावशी, ती विचारतेय, खरंच?"

"खरंच," सेल्का म्हणाली.