आवाज गेलेलं गाणं

दवाखान्यात वडिलांच्या, अप्पांच्या छातीवर नवा टॉवेल घातला आणि अप्पांच्या कामाच्या कपड्यांना यायचा तशा खळीच्या वासाने लहानपणीची ती दुपार आठवली. अप्पा मला थिएटरात घेऊन गेले होते. गाण्यांचा, हसवणारा सिनेमा होता. नायिका नाचत असतानाच पडद्याचा आवाज गेला. लोक शिट्ट्या मारू लागले. अप्पा मात्र रंगून बघत होते. ते यंत्रमागावर कामाला होते; तिथल्या खडखडाटात कामगार एकमेकांचे ओठ वाचूनच बोलायचे. नायिकेच्या ओठांवरून त्यांनी मला अख्खं गाणं कानात सांगितलं.

“मलाबी शिकवा की,” मी म्हणाले.

“तुला कशाला? तुला मागावर जायचं न्हाय.”

आता त्यांच्या गळ्यात नळी आहे, आवाज फुटत नाही. सकाळपासून ओठ हलवून ते एकच काहीतरी सांगतायत. “पाणी? आईला बोलवू?” ते नाही म्हणून मान हलवतात आणि पुन्हा, अगदी सावकाश, तेच सांगतात. मला एक अक्षर लागत नाही.