उचलण्याआधीची चार चित्रं

साठी उलटली की बाईमाणूस मवाळ होतं म्हणे. कोण म्हणतं देव जाणे. माझं तरी उलटंच झालं.

इथे आखातात, बौशरमधल्या आमच्या छोट्याशा ऑफिसात कारखान्यांसाठी सेफ्टीच्या कार्टून फिल्म्स बनतात. हेल्मेट घाला, गॅस गळला तर पळा, असल्या. मी तिथे बारा वर्षं हाताने चित्रं काढली. मुंबईहून आणलेल्या माझ्या काचेच्या टेबलावर. काचेखाली ट्यूब लावायची, म्हणजे खालच्या कागदावरचं चित्र वरच्या कागदातून दिसतं. पाय उचललेला माणूस एका कागदावर, पाय टेकलेला दुसऱ्या कागदावर, आणि या दोन्हींच्या मधली चित्रं मी काढायची. माझा अख्खा जन्म या मधल्या चित्रांत गेला.

आमचा मॅनेजर पुण्याचा, माझ्या मुलाच्या वयाचा. एक दिवस त्याने लॅपटॉप माझ्यापुढे सरकवला. "काकू, सोहारच्या क्लायंटला वजन कसं उचलायचं यावर फिल्म हवीय. ही कम्प्युटरने एका दुपारात केली. तुम्ही तुमची करा, दोन्ही दाखवू. त्यांना ही आवडली तर..." तो माझ्या टेबलाकडे बघत राहिला.

"तर टेबल खलास?"

"जागा लागते ना, काकू."

त्या फिल्ममधला माणूस सिमेंटची गोणी उशीसारखी उचलत होता. मी म्हटलं, अरे, सिमेंट आहे की कापूस? तो म्हणाला, "कुणाला कळतंय?" हे वाक्य डोक्यात गेलं माझ्या. जो उचलतो त्याला कळतं की!

आणि मला ते कळायला हवं, कारण मला एका अवलियाने शिकवलंय. माझ्या चोविशीत अंधेरीच्या ज्या स्टुडिओत मी होते, तिथे जपानहून काम यायचं. एकदा तिकडचा दिग्दर्शकच महिनाभर येऊन राहिला. त्याची गोष्ट दुभाष्याकडून कळली. अठराव्या वर्षी लागला तो दुसऱ्यांच्या पेन्सिलच्या रेघा खोडायला. चाळिशीत पहिला सिनेमा मिळाला, तो सपशेल आपटला. मग हा गृहस्थ आपल्याच हाताखालच्या पोरांच्या हाताखाली जाऊन बसला आणि दहा वर्षं मधली चित्रं काढत राहिला. आमच्यातल्या एकाने विचारलंच, लाज नाही वाटली? तो म्हणाला, "सिनेमा पडला होता. हात नव्हता पडला." पन्नाशीत पुन्हा सिनेमा मिळाला, तो चालला, मग थांबलाच नाही. आता नव्वदीला टेकलाय, आणि परवाच वाचलं की नवा सुरू केलाय. बसा बोंबलत, रिटायरमेंटवाले!

तर माझ्याकडे तेव्हा काढायला पाण्याची बादली उचलणारी मुलगी होती. चित्र चुकलं की तो त्यावर पिवळा कागद ठेवून दुरुस्ती काढून द्यायचा. माझ्या चित्रांवर त्याने कोराच पिवळा कागद ठेवला. मग मला नळापाशी नेलं, बादली भरली आणि उचलायला लावली. पुन्हा. पुन्हा. सलवार चिंब झाली. दरवेळी एकच प्रश्न, "वजनाच्या आधी काय?" मला काही कळेना. बाथरूममध्ये जाऊन रडले. शेवटी चित्रं वाढवून हालचाल हळू केली, तेव्हा त्याने पास केलं, पण मनापासून नव्हे. ते कुसळ माझ्या मनात राहिलं ते राहिलंच.

सोहारची फिल्म मी जिद्दीला पेटून काढली. रोज सकाळी मवालेहच्या भाजीमार्केटात जाऊन बसायचे. तिथले एक रत्नागिरीकडचे व्यापारी, वय माझ्याएवढंच, या देशात आले ते हमाली करायलाच. मी त्यांना भाई म्हणते. चित्रं झाली तेव्हा गठ्ठा त्यांच्यापुढे धरून फरफर उलटून दाखवला. गुडघे वाकलेले, पाठ सरळ, सगळं पुस्तकाबरहुकूम.

भाईंनी मान हलवली. "ताई, हा गडी हमाल नाय."

"का?"

"गोण हलवून नाय बघितली त्यानं." त्यांनी कांद्याच्या गोणीचं तोंड धरलं, ती जराशी कलवली, सोडली, आणि एक पाय मागे घेतला. "आधी तिला विचारायचं, किती हायस. न विचारता उचलली तर कंबर गेलीच समजा."

मला तो नळ आठवला. बादली! सदतीस वर्षं जे उत्तर सापडलं नाही, ते कांद्याच्या ढिगापाशी मिळालं. घरी जाऊन चार चित्रं घातली. हात गोणीवर. गोणी कलते. परत येते. पाय मागे. माणूस एकदम जिवंत झाला, आणि मी हॉलमध्ये एकटीनेच टाळ्या पिटल्या.

सोहारच्या मीटिंगमध्ये क्लायंटच्या साहेबाने दोन्ही फिल्म्स बघितल्या. खरं सांगते, माझी त्याला जास्त आवडली. "पण मॅडम, सुरुवातीला तो उगाच टाइमपास करतो. तेवढं कापा, आम्ही हीच घेतो."

मॅनेजर माझ्याकडे बघत होता, हो म्हणा काकू, म्हणून. गुणी आहे पोरगा, टेबल त्यालाही हलवायचं नव्हतं. एका शब्दाचा प्रश्न होता. चार चित्रं काढून टाकायची, टेबल राहिलं असतं, मीही राहिले असते.

"नाही कापणार," मी म्हटलं. "बाकीचं कापा हवं तर."

त्यांनी कम्प्युटरची घेतली. वाईट वाटलं? वाटलं तर! परतीच्या रस्त्यात गाडीत डोळे पुसले मी. पण म्हातारी मेल्याचं दुःख नाही, काळ सोकावतो. आज चार कापली असती, तर उद्या चाळीस कापली असती त्यांनी.

गुरुवारी टेबल माझ्या घरी न्यायला भाई स्वतः पिकअप घेऊन आले. मॅनेजर बाह्या सरसावून म्हणाला, "यल्ला, चला, मी धरतो एक बाजू," आणि खाली वाकलासुद्धा.

"थांबा सायेब," भाई म्हणाले. त्यांनी टेबलाच्या कडेला हात लावला. टेबल जरासं कलवलं. सोडलं. एक पाय मागे घेतला.

मॅनेजर वाकलेलाच राहिला. भाईंच्या हाताकडे बघितलं, मग माझ्याकडे.  त्यानेही आपल्या बाजूच्या कडेला हात ठेवला, टेबल हळूच कलवून बघितलं, आणि पाय मागे घेतला.

"हं," मी म्हटलं, "आता उचल."